मलबार हिलवरची रशियन चित्रकर्ती

1943 सालच्या सप्टेंबरात गोंदियाच्या शाळेत एकवीस वर्षांचा एक ड्रॉइंग मास्तर नुकताच रुजू झाला होता. जेमतेम महिना झाला असेल नसेल, तोच मध्य प्रांत सरकारची शिष्यवृत्ती मंजूर झाल्याचं पत्र आलं आणि त्यानं मुंबईची गाडी धरली. जे. जे. स्कूल ऑफ आर्टला पोचेपर्यंत तिथले प्रवेश बंद झाले होते. शिष्यवृत्ती हातची गेली. सरकारनं अकोल्याला पुन्हा ड्रॉइंग शिकवण्याची नोकरी देऊ केली, ती त्यानं नाकारली. एका ब्लॉक स्टुडिओत काम करायचं आणि उरलेल्या वेळात मुंबईचे रस्ते रंगवायचे, असा क्रम त्यानं लावून घेतला. हा मास्तर म्हणजे चित्रकार सय्यद हैदर रझा.

आमचं कुडवा हे गोंदिया शहराला खेटून असलेलं गाव, त्यामुळे रझांच्या त्या एका महिन्याचा आम्हाला अभिमान आहेच. पण त्यांच्या मुंबईतल्या पहिल्या वर्षांची गोष्ट वाचताना मला नेहमी एक उणीव टोचते. त्या गोष्टीत तीन परदेशी माणसं ठरलेली असतात. नाझी राजवटीपासून दूर जात मुंबईत आलेले रुडी फॉन लायडन, जे टाइम्स ऑफ इंडियामधून चित्रप्रदर्शनांवर लिहीत. व्हिएन्नाचे वॉल्टर लँगहॅमर, टाइम्सचेच कलासंचालक, ज्यांनी नेपियन सी रोडवरचा आपला स्टुडिओ रझांसारख्या पोरांना खुला केला. आणि औषधांचे कारखानदार इमॅन्युएल श्लेसिंगर, जे कुणी विकत घेत नसताना या पोरांची चित्रं विकत घेत. एकानं लिहिलं, एकानं शिकवलं, एकानं पैसे मोजले. मराठी मुलखातल्या आधुनिक चित्रकलेवर या तिघांचे उपकार आहेत, यात शंका नाही.

पण त्याच वर्तुळात, या तिघांच्याही आधी हातात कुंचला धरलेली, एक बाई होती. 1936 ते 1951 अशी पंधरा वर्षं त्या मुंबईत राहिल्या, चित्रं काढत राहिल्या, बॉम्बे आर्ट सोसायटीच्या प्रदर्शनांत ती मांडत राहिल्या. चित्रकार मार्क शगाल ज्या शाळेत शिकले त्याच शाळेत त्या शिकल्या होत्या. रशियन लेखक नाबोकोव यांचं व्यक्तिचित्र त्यांनी रंगवलं होतं. नवरा सावरकरांचा लंडनमधला सहकारी. तरीही मुंबईच्या कलेवरची पुस्तकं उघडलीत तर मॅग्दा नाखमन हे नाव एखाद्या ओळीत भेटेल, बहुतेक ठिकाणी तेही नाही.

मॅग्दांचा जन्म 1889 सालचा, सेंट पीटर्सबर्गचा. वडील रिगाकडचे ज्यू, शिकलेले वकील, नोबेल बंधूंच्या तेल कंपनीत चांगल्या हुद्द्यावर. आई बाल्टिक जर्मन घराण्यातली, लुथरन पंथाची. घरात जर्मन, शाळेत रशियन, खाऊनपिऊन सुखी कुटुंब. झारच्या रशियात ज्यूंना राजधानीत राहण्यासाठी परवानगी लागे, शिक्षणाच्या जागा मोजून दिल्या जात. पण या घराला त्याची झळ फारशी लागली नसावी. मुलीला चित्रकला शिकायची होती, तर तिला शिकू दिलं.

शाळा मिळाली तीही अशी, की त्या काळी पॅरिसबाहेर तशी दुसरी शोधावी लागली असती. एलिझावेता झ्वान्त्सेवा या बाईंनी चालवलेल्या त्या शाळेत लिओन बाक्स्ट शिकवत. रशियन बॅलेच्या पोशाखांनी आणि नेपथ्यांनी पुढे ज्यांनी पॅरिसला वेड लावलं, ते हे बाक्स्ट. प्लास्टरचे पुतळे समोर ठेवून वर्षानुवर्षं छाया घोटत बसायची सरकारी अकादमीची पद्धत इथं नव्हती. समोर जिवंत माणूस बसवायचा, त्याच्यामागे एखादं भडक कापड टांगायचं, आणि एका रंगाशेजारी दुसरा रंग आला की दोन्ही कसे बदलतात ते पाहायचं. आधी रंग दिसला पाहिजे, रेषा त्यातून निघाली पाहिजे. वर्गात मुली पुष्कळ, कारण अकादमीपेक्षा इथं त्यांना मोकळीक होती. शगाल याच वर्गात. 1910 साली बाक्स्ट यांच्या विद्यार्थ्यांचं प्रदर्शन ‘अपोलोन’ मासिकाच्या कचेरीत भरलं, त्यात शगाल होते तशा मॅग्दाही होत्या. बाक्स्ट पॅरिसला गेल्यावर वर्ग पेत्रोव्ह-वोदकिन यांच्याकडे आला. त्यांनी या विद्यार्थ्यांना आकार घट्ट बांधायला शिकवलं. दोन्ही गुरूंचा ठसा मॅग्दांच्या हातावर शेवटपर्यंत राहिला: रंग पहिल्याचा, बांधणी दुसऱ्याची.

1913 चा उन्हाळा त्यांनी क्रिमियात, काळ्या समुद्राकाठच्या कोक्तेबेल गावात काढला. मॅक्सिमिलियान वोलोशिन या कवी-चित्रकारानं तिथं आपलं घर मित्रांना मोकळं सोडलं होतं. कवी यायचे, चित्रकार यायचे, सगळे वाळूत झोपायचे आणि रात्ररात्र कविता म्हणायचे. त्या उन्हाळ्यात वीस वर्षांची मारीना त्स्वेतायेवा नवऱ्याबरोबर आणि तान्ह्या मुलीबरोबर आली होती. मॅग्दांनी तिला समोर बसवलं. ते चित्र आज जगभर छापलं जातं. निळा पोशाख, मागे तांबूस-केशरी कापड, आखूड केस. बाक्स्टच्या वर्गात शिकलेलं सगळं त्या निळ्या-केशरीत आहे: निळा थंड, पण शेजारच्या केशरीमुळे तो पेटल्यासारखा वाटतो. आणि चेहऱ्यावर कसलंही नटवणं नाही. कवयित्री म्हटल्यावर डोळे स्वप्नाळू करायचा मोह होतो, मॅग्दांनी तो टाळला. पुढे विसाव्या शतकातली एक थोर कवयित्री म्हणून जिचं नाव झालं, तिची ही वीस वर्षांची मुद्रा मॅग्दांनी जपून ठेवली. त्या चित्राची कीर्ती त्स्वेतायेवाच्या नावानं झाली, काढणारीचं नाव खाली बारीक अक्षरात राहिलं.

मग युद्ध आलं, त्यामागून 1917 ची क्रांती आणि यादवी. शहरात अन्न नाही, सरपण नाही, रंग तर दूरच. मॅग्दांनी पोटासाठी कारकुनी केली. 1919-20 च्या सुमारास त्या उस्त-दोलिस्सी नावाच्या एका खेड्यात जाऊन राहिल्या. त्स्वेतायेवाची नणंद लिल्या एफ्रॉन तिथं खेडुतांचं नाटक बसवत होती आणि मॅग्दा नेपथ्य करत होत्या.

हा भाग वाचताना मी नेहमी थांबतो. आमच्याकडे दिवाळी झाली की गावोगाव मंडईची जत्रा भरते, दंडारीचे खेळ होतात, झाडीपट्टीची नाटकं रात्रभर चालतात. धान कापून आलेला माणूस रात्री राजाचा पोशाख चढवतो, आणि मागे रंगवलेल्या पडद्यावर महाल असतो, जंगल असतं, नदी असते. तो पडदा रंगवणाऱ्याचं नाव पत्रिकेत क्वचितच येतं. पण तो पडदा नसेल तर राजा राजा वाटत नाही. बाक्स्टची शिष्या, जिच्या वर्गबंधूंनी पुढे पॅरिस गाजवलं, ती या दिवसांत भुकेल्या खेड्यात हाती लागेल त्या कापडावर हाती लागेल तो रंग लावून शेतकऱ्यांच्या नाटकाचे पडदे करत होती. हे काम तिनं कमी दर्जाचं मानलं नाही. मैत्रीण युलिया ओबोलेन्स्काया हिला तिनं या वर्षांत लिहिलेली पत्रं जपली गेली, म्हणून आज आपल्याला हे सगळं कळतं. चित्रं हरवली, पत्रं उरली.

1921 साली मॉस्कोत त्यांची गाठ एका मद्रासी माणसाशी पडली. मंडयम पार्थसारथी तिरुमल आचार्य. हे नाव मराठी वाचकाला अगदीच अनोळखी असू नये. 1887 साली मद्रासला जन्म, पाँडिचेरीत सुब्रमण्य भारतींबरोबर ‘इंडिया’ पत्राचं काम, मग इंग्रजांचा ससेमिरा चुकवत थेट लंडन, इंडिया हाऊस. 5 जुलै 1909 रोजी कॅक्स्टन हॉलमध्ये मदनलाल धिंग्रांच्या निषेधाचा ठराव एकमतानं झाला असं जाहीर होताच सावरकर उठले आणि ‘एकमतानं नाही’ म्हणाले. पामर नावाच्या माणसानं त्यांच्या तोंडावर ठोसा मारला. त्या पामरला काठीचा तडाखा देणारे ते हे आचार्य. पुढे पॅरिस, कॉन्स्टॅन्टिनोपल, न्यूयॉर्क, सॅन फ्रान्सिस्को, बर्लिन, स्टॉकहोम, काबूल अशी त्यांची फरफट झाली. 1919 मध्ये राजा महेंद्र प्रताप यांच्याबरोबर त्यांनी लेनिनची भेट घेतली, 1920 च्या ऑक्टोबरात ताश्कंदला हिंदी कम्युनिस्ट पक्ष स्थापन झाला तेव्हा ते अध्यक्ष होते. पण मानवेंद्रनाथ रॉय यांच्याशी बिनसलं, पक्षातून बाहेर पडावं लागलं, आणि हुकूमशाहीचा वास आल्याबरोबर ते अराजकवादाकडे वळले. असा मनुष्य त्या वर्षी मॉस्कोत एकटा पडलेला. दोघांनी लग्न केलं आणि 1922 च्या नोव्हेंबरात दोघं बर्लिनला आले.

इथून पुढची बारा वर्षं भाड्याच्या खोल्यांची. आचार्यांनी लेखणी कधी खाली ठेवली नाही, जगभरच्या अराजकवादी पत्रांत ते लिहीत राहिले. पण त्या लिखाणावर दोन वेळचं जेवण मिळत नाही. घर चालायचं ते पुष्कळदा मॅग्दांच्या हातावर. व्यक्तिचित्रं, रेखाटनं, मागेल त्याचं काम. बर्लिनमध्ये तेव्हा क्रांतीतून निसटलेले रशियन लाखांनी होते, त्यांची स्वतःची वर्तमानपत्रं, प्रकाशनं, वाचनालयं होती. 1928 साली मॅग्दांच्या चित्रांचं प्रदर्शन भरलं, त्याबद्दल ‘रुल’ या रशियन दैनिकात तरुण व्लादिमीर नाबोकोव यांनी लिहिलं. 1933 मध्ये मॅग्दांनी नाबोकोव यांचं चित्र काढलं, त्यांच्या पत्नीचं आणि आईचंही काढलं. हे साल लक्षात घ्या. हिटलर सत्तेवर येऊन बसला होता, समोर बसलेल्या वेरा नाबोकोव ज्यू, रंगवणारीचे वडील ज्यू, रंगवणारीचा नवरा सावळा हिंदी आणि राज्यसत्ताच नको म्हणणारा. या सगळ्यांनी बर्लिन सोडायचंच होतं. आचार्य दाम्पत्य 1934 मध्ये स्वित्झर्लंडला निघालं. आचार्य 1935 साली मुंबईत उतरले. इंग्रज सरकारच्या दफ्तरात ज्याच्यावर सव्वीस-सत्तावीस वर्षं कागद साचत होते, तो माणूस मायदेशी आला. 1936 मध्ये मॅग्दा आल्या. वय सत्तेचाळीस.

मुंबईत त्यांना कुणी ओळखत नव्हतं. आचार्यांचे जुने सोबती अंदमानात, तुरुंगात किंवा मातीत गेलेले. सावरकर रत्नागिरीच्या स्थानबद्धतेतून सुटले ते 1937 च्या मे महिन्यात, आणि त्याच वर्षी जुलैपासून आचार्यांच्या आठवणी पुण्याच्या ‘मराठा’ या इंग्रजी साप्ताहिकात क्रमशः येऊ लागल्या. टिळक-केळकरांच्या परंपरेतल्या या पत्रानं त्यांना जागा दिली, हे पुण्याचं श्रेय. पण चळवळ आता गांधींची होती, पक्ष काँग्रेसचा होता, डावे होते ते मॉस्कोकडे पाहत होते. मॉस्को सोडून आलेल्या अराजकवाद्याचं ऐकायला कुणाला सवड नव्हती. मुंबईतही बर्लिनचीच रीत चालू राहिली: आचार्य लिहीत, मॅग्दा रंगवत, आणि रंगवण्यावर घर चाले.

असंच रंगवण्यावर घर चालवणारी लिली मार्टिन स्पेन्सर नावाची एक चित्रकर्ती एकोणिसाव्या शतकातल्या अमेरिकेत होऊन गेली. आईबाप फ्रेंच, जन्म 1822 मध्ये इंग्लंडातल्या एक्झिटरला, आठव्या वर्षी बोटीनं अमेरिकेला. ओहायोतल्या मारिएटा गावी घराच्या भिंतींवर कोळशानं चित्रं काढून तिनं गावाला थक्क केलं, पुढे सिनसिनाटी, न्यूयॉर्क, न्यूअर्क. तेरा मुलं झाली, सात जगली. नवऱ्याचा धंदा कधी बसलाच नाही, तेव्हा तो घर बघू लागला, तिच्या चित्रांच्या चौकटी बघू लागला, आणि संसार तिनं रंगावर ओढला. आयुष्यभर पैशाची चणचण आणि आयुष्यभर काम. 1902 च्या मे महिन्यात ऐंशीच्या उंबरठ्यावर ती गेली, तर त्या दिवशीसुद्धा सकाळी ती चित्रफळ्यासमोर होती.

मॅग्दा आणि लिली यांच्यात पिढ्यांचं अंतर, मुलूख वेगळे, तरी दोघींची दैना एकाच जातीची. परक्या देशात येऊन रंगाच्या कमाईवर घर चालवणाऱ्या बाईला कलावंत म्हणून नाव मिळायला वेळच उरत नाही. एक फरक मात्र फार मोठा, आणि तो कलेपेक्षा छपाईचा आहे. लिलीच्या चित्रांच्या शिळाछापाच्या प्रती अमेरिकेतल्या घराघरांत गेल्या. फायदा प्रकाशकांनी खाल्ला हे खरं, पण प्रतींमुळे चित्रं टिकली, आणि पुढच्या शतकात संशोधकांना तिचं काम जुळवता आलं. आपल्याकडे 1894 मध्ये रविवर्मांनी छापखाना काढला, त्यातून लक्ष्मी-सरस्वती ओसरीओसरीवर पोचल्या. आज खेड्यातल्या म्हातारीलाही रविवर्मा ठाऊक आहेत. मॅग्दांची चित्रं एकेकटी होती. एक चित्र, एक गिऱ्हाईक. ते गिऱ्हाईक इंग्लंडला परतलं की चित्र त्याच्या ट्रंकेतून गेलं.

त्यांनी मुंबईत रंगवलं ते साध्यासुध्या माणसांना. कामकरी बायका, म्हातारी माणसं, पोरं, रस्त्यावर दिसणारे चेहरे. परदेशी चित्रकार हिंदुस्थानात आला की त्याला राजवाडे, घाट, हत्ती आणि फकीर दिसतात. मॅग्दांची नजर तशी नव्हती. ज्या घट्ट बांधणीनं त्यांनी कोक्तेबेलला कवयित्रीचा चेहरा उभा केला, त्याच घट्टपणानं त्या मुंबईतली मजूर बाई रंगवत. पायांवर नीट उभी असलेली, तिच्या अंगात वजन आहे असं वाटायला लावणारी. दया मागणारी बाई मला त्यांच्या छापील चित्रांत दिसली नाही. ज्यानं स्वतः उपास काढलेत आणि दुसऱ्यांचे पडदे रंगवलेत, त्याच्या हातून गरिबी शोभेची वस्तू होत नाही, असं मला वाटतं.

1939 साली महायुद्ध सुरू झालं, आणि मुंबईतले जर्मन-ऑस्ट्रियन, मग ते हिटलरपासून पळून आलेले का असेनात, शत्रूदेशाचे म्हणून धरले गेले. अहमदनगरच्या छावणीत कित्येकांना डांबलं. छाननी होऊन निर्वासित सुटू लागले, मग मलबार हिल, नेपियन सी रोड, कुलाबा या भागांत एक नवीच मुंबई जमली. व्हिएन्नाची नर्तकी हिल्डे होल्गर इथं आली, तिनं एका पारशी डॉक्टरशी लग्न केलं, 1941 मध्ये नृत्यशाळा काढली. ही मॅग्दांची जवळची मैत्रीण झाली. नाचणाऱ्या मुलींची, होल्गरच्या नृत्यांची, पोशाखांची मॅग्दांनी कितीतरी रेखाटनं केली. बाक्स्ट यांच्या शिष्येला नर्तकी मिळाली, तीही मुंबईत! दोन-चार फराट्यांत उडी पकडायची, कमरेचा बाक पकडायचा, आणि कागद बाजूला ठेवून दुसरा घ्यायचा, कारण नर्तकी थांबत नाही. तैलचित्रातल्या भरीव मॅग्दा आणि या रेखाटनांतल्या चपळ मॅग्दा या दोन वेगळ्या बाया वाटाव्यात. 1948 मध्ये होल्गर लंडनला गेली, तिच्याबरोबर ही रेखाटनंही गेली, आणि म्हणूनच ती टिकली.

त्या काळी मुंबईत चित्रकर्ती नव्हत्या असं मुळीच नाही. रावबहादूर धुरंधरांची लेक अंबिका 1931 मध्ये जे. जे.ची पदविका घेऊन बाहेर पडली होती. गोव्याच्या अंतोनियो झेवियर त्रिंदाद यांची मुलगी अँजेला साडी नेसलेली मारिया रंगवत होती. पण या दोघींच्या मागे चित्रकार बाप होता, घर होतं, शाळेचं नाव होतं. मॅग्दांच्या मागे यांतलं काहीच नाही. होती ती बॉम्बे आर्ट सोसायटी. 1888 पासून चाललेल्या या संस्थेच्या वार्षिक प्रदर्शनात ज्यू-रशियन मॅग्दा, गोव्याचे सूझा, पंढरपूरला जन्मलेले हुसेन, मोटारी धुणारे आरा, विदर्भातले गाडे आणि गोंदियाची नोकरी सोडून आलेले रझा, अशी सगळ्यांची चित्रं कधी ना कधी टांगली गेली. 1947 मध्ये यांतल्या पाच जणांनी आणखी एकाबरोबर प्रोग्रेसिव्ह ग्रुप काढला, 1949 मध्ये पहिलं प्रदर्शन केलं. यांच्या ऐन उमेदीच्या वर्षांत ज्या मुंबईत हे वावरत होते, त्याच मुंबईत बाक्स्टच्या वर्गात बसलेली, शगालच्या शेजारी चित्रं मांडलेली एक बाई रोज काम करत होती. युरोपातली आधुनिक चित्रकला लँगहॅमर यांनी छापील चित्रं दाखवून या पोरांना समजावली, असं आपण शिकतो. ती चित्रकला जिथं घडली त्या खोलीत स्वतः बसलेलं माणूस मलबार हिलवर रिज रोडला राहत होतं, हे मात्र कुणी शिकवत नाही.

असं का झालं, याचा विचार मी खूप केला आहे. एक तर मॅग्दा त्या चळवळीच्या बाहेर राहिल्या. सूझांचा जाहीरनामा, हुसेनांची उमेद हे तरुणांचं काम होतं, या वेळी मॅग्दा साठीला टेकलेल्या. दुसरं, कलेचा इतिहास लिहिताना आपण आश्रयदात्यांची नोंद घेतो, पण बरोबरीनं राबणाऱ्यांची घेत नाही. फॉन लायडन लिहीत होते, त्यांचे लेख उरले. श्लेसिंगर खरेदी करत होते, त्यांचा संग्रह उरला. तिसरं कारण मुंबईच्या हवेचं. कागदावरची चित्रं, खडूरंगातली चित्रं म्हणजे कागदाला धरून बसलेली भुकटी. चार पावसाळे कपाटात काढले की त्यावर बुरशी धरते, रंग झडतो. काच, चौकट, कोरडी जागा या श्रीमंती गोष्टी. भाड्याच्या घरात राहणाऱ्या बाईच्या शंभर कागदांची काय गत होणार?

आणि चौथं कारण, जागेचं. आज जहांगीर आर्ट गॅलरी नसलेली मुंबई कल्पनेत येत नाही, पण ती उघडली 1952 च्या जानेवारीत. त्याआधी एकट्या चित्रकाराला प्रदर्शन भरवायचं तर कुणाचा तरी हॉल, कुणाची तरी कचेरी मागून घ्यावी लागे. चार्ल्स पेट्रास या ऑस्ट्रियन गृहस्थांनी 1946 मध्ये परदेशी भाषा शिकवणारी एक संस्था मुंबईत काढली होती. भाषेच्या वर्गांबरोबर तिथं व्याख्यानं, नृत्य, चित्रप्रदर्शनं होत. मॅग्दांच्या चित्रांचं प्रदर्शन तिथं ठरलं. तारीख 12 फेब्रुवारी 1951. चित्रं तयार होती, उद्घाटनाला काही तास उरले होते, आणि त्याच दिवशी मॅग्दा गेल्या. वय एकसष्ट.

आचार्य मागे उरले. त्यांची प्रकृती क्षयानं पोखरलेली, कमाई जवळजवळ नाही, आणि ज्या हातावर तीस वर्षं घर चाललं तो हात गेलेला. त्यांनी बायकोची चित्रं विकायला काढली. जगभरच्या अराजकवादी मित्रांना ते पत्रं लिहीत, त्यांत राजकारणाबरोबर ही विवंचनाही असे. त्या विक्रीबद्दल मी त्यांना दोष देणार नाही. पोटाला दुसरं काही नव्हतं, आणि ज्या चित्रांनी दोघांना जगवलं ती एकट्याला आणखी तीन वर्षं जगवत होती. पण एकेक करून ती अशा घरांत गेली, जिथं पुढच्या पिढीला हे चित्र कुणाचं हे सांगणारं कुणी राहिलं नाही. 20 मार्च 1954 रोजी मुंबईच्या भाटिया हॉस्पिटलात आचार्यही गेले. मूल नव्हतं.

नंतरची साठ-पासष्ट वर्षं मॅग्दा दोन तुकड्यांत राहिल्या. रशियात त्स्वेतायेवाचे अभ्यासक त्यांना ‘ते निळ्या पोशाखातलं चित्र काढणारी’ एवढ्यापुरतं ओळखत, क्रांती झाल्यावर तिचं काय झालं ते त्यांना ठाऊक नसे. इकडे आचार्यांवर लिहिणारे ‘त्यांची पत्नी रशियन चित्रकार होती’ असं म्हणून पुढे जात. हे दोन तुकडे सांधले ते लीना बर्नस्टाईन या अभ्यासिकेनं. मॉस्कोतली पत्रं, बर्लिनची जुनी वर्तमानपत्रं, लंडनमधली होल्गरची रेखाटनं आणि मुंबईतल्या प्रदर्शनांच्या नोंदी एकत्र करून तिनं मॅग्दांचं चरित्र लिहिलं, ते 2020 मध्ये इंग्रजीत आलं.

मराठीत ते यायला हवं, कारण या आयुष्याचा शेवटचा, पंधरा वर्षांचा मुक्काम आपल्या मुंबईत झाला. त्याहून निकडीचं काम चित्रांचं आहे. दक्षिण मुंबईतल्या जुन्या पारशी, गुजराती, मराठी घरांतून, माळ्यांवरून, जिन्याखालच्या भिंतींवरून 1936 ते 1951 मधली कुणा परदेशी बाईनं काढलेली माणसांची चित्रं अजून निघू शकतील. राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयाचं दालन 1996 पासून कावसजी जहांगीर हॉलमध्ये आहे. ज्यांच्याकडे असं काही असेल त्यांनी ते तिथल्या जाणकारांना दाखवावं, आणि त्यांनी ते पाहताना बॉम्बे आर्ट सोसायटीच्या त्या वर्षांच्या प्रदर्शन-सूची शेजारी ठेवाव्यात. त्या सूचींत नाव आहे, चित्राचं शीर्षक आहे, किंमतही आहे. तेवढ्यावर शोध सुरू करता येतो.